ओये, बस!

'अफवा' हा शब्द आपल्याकडे अरबी-फारसीतून आला. अरबीत 'अफवाह' म्हणजे तोंडं! एका तोंडातून निघते ती नुसती थाप, पण ती हजार तोंडांत गेली की तिची अफवा होते. मराठीनेही तिच्यासाठी शब्दांची कमी ठेवलेली नाही. वावडी उठते, कंडी पिकते, आवई येते, भुमका उठते. ज्या गोष्टीला इतके शब्द आहेत ती गोष्ट किती जुनी असेल, विचार करा. त्यामुळे "मोबाईल आले आणि अफवा सुरू झाल्या" असं जे म्हणतात ते काही खरं नाही. मोबाईलने तिला फक्त चाकं लावून दिली.

या विषयावर आजकाल शाळेतसुद्धा निबंध येतो. "शाप की वरदान" छापाचा. तसा निबंध मी लिहिणार नाहीये. मी मूळची मसोलीची, म्हणजे डहाणूची. चिकू, वारली चित्रं आणि महालक्ष्मीची यात्रा यासाठी आमचा तालुका ओळखला जायचा. २०२० नंतर तो वेगळ्याच कारणाने देशभर ओळखला जाऊ लागला. म्हणून अफवा कशी चालते, कुणाला लागते आणि कुठे थांबू शकते हे आमच्याच तालुक्यातल्या घटनेवरून सांगते.

गडचिंचले

डहाणू तालुका एका बाजूने समुद्राला लागलेला आहे. दुसऱ्या बाजूला डोंगर, जंगल आणि पाडे. या पूर्वेच्या बाजूला, दादरा-नगर हवेलीच्या हद्दीजवळ गडचिंचले नावाचं गाव आहे. मार्च २०२० मध्ये लॉकडाऊन लागला. रस्ते बंद, एसटी बंद, बाजार बंद. त्या दिवसांत या भागात एक आवई उठली की रात्री चोर फिरतात, मुलं पळवतात, माणसांच्या किडन्या काढून नेतात आणि ते कुठल्याही वेषात येऊ शकतात. गावोगावचे लोक रात्री काठ्या घेऊन गस्त घालायला लागले. काहीच दिवस आधी शेजारच्याच भागात मदतीसाठी गेलेल्या एका डॉक्टरवर आणि त्यांच्या सोबत्यांवर हल्ला झाला होता. त्यांना सोडवायला गेलेल्या पोलिसांनाही जमावाने सोडलं नाही. म्हणजे इशारा मिळालेला होता.

१६ एप्रिल २०२० ची रात्र. दोन साधू, त्यातले एक सत्तरीचे, आपल्या गुरूंच्या अंत्यविधीसाठी मुंबईच्या कांदिवलीहून सुरतला निघाले होते. बरोबर गाडी चालवणारा एक तरुण. हायवेवर अडवतील म्हणून त्यांनी आतला रस्ता धरला. गडचिंचल्याजवळ वनखात्याच्या नाक्यावर गाडी थांबली. बघता बघता शेकडो लोक जमले. गावच्या सरपंच बाईंनी नंतर पत्रकारांना सांगितलं की आपण जमावाला बराच वेळ समजावत होतो. पोलीस आले, पण जमावापुढे मूठभरच होते. त्या रात्री तिन्ही माणसं मारली गेली.

आता यात "खोटी बातमी" नेमकी कुठे होती? कुठल्या चॅनेलने दाखवली नव्हती, कुठल्या पेपरात छापली नव्हती. तरी तिने तीन माणसं मारली.

अफवेचं सूत्र

आपण इंजिनिअरिंगवाले, तेव्हा आधी फॉर्म्युला! गॉर्डन ऑलपोर्ट आणि लिओ पोस्टमन या दोन अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी दुसऱ्या महायुद्धाच्या काळातल्या अफवांचा अभ्यास करून १९४७ साली पुस्तक लिहिलं. त्यांनी मांडलेलं सूत्र अगदी सोपं आहे. अफवेचा जोर हा दोन गोष्टींच्या गुणाकाराच्या प्रमाणात असतो. एक, विषय माणसाच्या किती जिव्हाळ्याचा आहे. आणि दोन, त्याबद्दलची माहिती किती धूसर आहे.

लक्षात घ्या, ही बेरीज नसून गुणाकार आहे. म्हणजे दोन्हीपैकी एक जरी शून्य झालं तरी उत्तर शून्य! विषयाशी देणंघेणं नसेल तर अफवा पसरत नाही. विषय महत्त्वाचा आहे पण खात्रीची माहिती हातात आहे, तरीही पसरत नाही.

आता हे सूत्र एप्रिल २०२० च्या डहाणूला लावून बघा. जिव्हाळा किती? पोटच्या पोरांचा प्रश्न, म्हणजे पूर्ण. धूसरपणा किती? नवीनच आजार, बाहेर काय चाललंय ते कळत नाही, एरवी आठवडी बाजारात जी खरीखोटी शहानिशा होते तीही बंद. म्हणजे हाही पूर्ण. गुणाकार काय येणार ते सांगायला कॅलक्युलेटर लागत नाही.

म्हणून "अडाणी लोक, काहीही विश्वास ठेवतात" असं कोणी म्हटलं की मला पटत नाही. भीती खरी होती, फक्त तिला लागलेलं नाव खोटं होतं. याचा अर्थ जे झालं ते माफ असा मुळीच नाही. तिघांचे जीव गेले आणि मारणाऱ्या हातांची जबाबदारी त्या हातांवरच आहे. पण रोग समजून न घेता रोग्याला नुसत्या शिव्या घातल्या तर पुढची साथ थांबत नाही.

किडनीचंच घ्या. किडनी काढायला ऑपरेशन थिएटर लागतं, भूल देणारे डॉक्टर लागतात, काही तास लागतात. ज्याला बसवायची त्याच्याशी रक्तगट आणि बाकीच्या तपासण्या आधी जुळाव्या लागतात. काढलेली किडनी बर्फात ठेवूनही साधारण दीड दिवसाच्या आत बसवावी लागते. रात्री जंगलातल्या रस्त्यावर गाडी थांबवून किडनी "पळवता" येतच नाही. किडनीचे जे गैरव्यवहार आपल्याकडे उघडकीला आले, ते शहरातल्या हॉस्पिटलांत, खोटी कागदपत्रं करून आणि गरिबांना पैशाचं आमिष दाखवून झालेले. एवढी चार वाक्यं कोणी त्या पाड्यांवर, त्यांच्या बोलीत, त्यांच्या ओळखीच्या माणसाकडून वेळेवर पोचवली असती तर? धूसरपणा थोडा तरी कमी झाला असता.

आणि ही गोष्टही काही नवी नाही बरं का. १८९६ मध्ये मुंबईत प्लेग आला तेव्हा अशी अफवा होती की दवाखान्यात नेलेल्या रोग्यांना मारून त्यांच्या शरीरातून 'मोमियाई' नावाचं औषधी तेल काढतात. ऑक्टोबर १८९६ मध्ये गिरणी कामगारांच्या जमावाने आर्थर रोडच्या दवाखान्यावर हल्ला केला. तेव्हाही नवा रोग, तेव्हाही परक्यांची भीती, तेव्हाही खात्रीची माहिती देणारं कोणी नाही. तेलाच्या जागी किडनी आली, बाकी कथा तीच. योगायोग असा की तोच दवाखाना आज कस्तुरबा हॉस्पिटल म्हणून ओळखला जातो आणि २०२० मध्ये मुंबईतले कोरोनाचे सुरुवातीचे पेशंट तिथेच होते.

दुसरी अफवा, आणि ती मात्र "शिकलेल्यांची"

खरा मुद्दा इथून पुढे आहे, म्हणून इथवर कंटाळला असाल तरी पुढचं वाचाच.

गडचिंचल्याच्या घटनेचे व्हिडिओ दोन-तीन दिवसांत देशभर फिरले. त्यातल्या एका व्हिडिओत जमावातला एक जण ओरडतो. त्या व्हिडिओवर कोणीतरी ओळ लिहिली की तो "मार शोएब मार" म्हणतोय. झालं! लाखो लोकांना ते "ऐकू आलं". हत्येला एका धर्माचा रंग चढला. आणि हे पाठवणारे कोण होते? त्यांच्याकडे वीज होती, इंटरनेट होतं, टीव्ही होता, डिग्री होती. त्यांना काठी घेऊन रात्रभर जागायची वेळ आलेली नव्हती. घरात बसून, चहा पिता पिता त्यांनी ते पुढे ढकललं.

ज्यांनी तो आवाज नीट तपासला त्यांनी सांगितलं की तिथे "शोएब" असं नाव नाहीच. तिथे कोणीतरी म्हणतंय, "ओये, बस! ओये, बस!" २२ एप्रिल २०२० ला त्या वेळचे गृहमंत्री अनिल देशमुख यांनीही हेच सांगितलं आणि अटक केलेल्या १०१ जणांची यादी जाहीर केली. त्यात एकही मुसलमान नव्हता. पुढे तपास राज्याच्या सीआयडीकडे गेला. जुलै २०२० मध्ये डहाणूच्या कोर्टात जे आरोपपत्र दाखल झालं, त्यातही कारण अफवा हेच होतं.

जरा थांबून विचार करा. त्या भयंकर गर्दीत "आता बस" म्हणणारा एक आवाज होता. आणि आपण शिकलेल्या लोकांनी नेमका तोच आवाज उचलून त्याला मारेकऱ्याचं नाव बनवलं!

असं "ऐकू" का येतं? इलेक्ट्रॉनिक्सवाल्यांना पटकन कळेल. सिग्नल-टू-नॉइज रेशो कमी असला, म्हणजे आवाज अस्पष्ट आणि गोंगाट जास्त, की मेंदू गाळलेल्या जागा स्वतःच भरतो. आणि भरतो कशाने? समोर जे लिहिलेलं असेल त्याने, किंवा मनात आधीच जे असेल त्याने. स्क्रीनवर "शोएब" लिहिलं की कानाला "शोएब" ऐकू येतं. प्रयोग करायचा असेल तर कुठल्याही अस्पष्ट गाण्याचे चुकीचे शब्द मित्राला आधी दाखवा आणि मग गाणं लावा. त्याला ते चुकीचेच शब्द ऐकू येतील. म्हणून असा व्हिडिओ आला की फोन उलटा ठेवून, अक्षरं न बघता एकदा नुसतं ऐकावं.

आजी म्हणते, खरं आणि खोटं यांत चार बोटांचं अंतर असतं, म्हणजे कान आणि डोळा यांतलं अंतर. कानाने ऐकलं ते खोटं असू शकतं, डोळ्याने पाहिलं ते खरं. आजीच्या काळात हे बरोबर होतं. आता डोळ्यांचीही खात्री उरली नाही. २०१८ मध्ये देशभर एक व्हिडिओ फिरला. मोटारसायकलवरचे दोघे रस्त्यावरचं मूल उचलून पळतात. व्हिडिओ खरा, त्यात काही खोटं जोडलेलं नव्हतं. पण तो होता पाकिस्तानातल्या कराचीचा, मुलांच्या सुरक्षेची जाणीव करून देणारी जाहिरात! शेवटी ते दोघे मूल परत आणून सोडतात आणि एक पाटी दाखवतात. तो शेवट कापून टाकला होता. नुसती शेपटी कापली आणि जाहिरातीचा पुरावा झाला. आता तर कॉम्प्युटरने हवा तो चेहरा आणि हवा तो आवाज तयार होतो, त्यामुळे "मी स्वतः व्हिडिओ पाहिलाय" या वाक्याला पूर्वीसारखं वजन राहिलेलं नाही.

फॉरवर्डचं गणित

समजा एकाने मेसेज पाच जणांना पाठवला. त्या प्रत्येकाने पुढे नव्या पाच जणांना. असं दहा वेळा झालं की दहाव्या फेरीत किती लोकांना मेसेज मिळतो? पाचचा दहावा घात, म्हणजे ९७,६५,६२५. जवळजवळ ९८ लाख! प्रत्येक फेरीला दहा मिनिटं धरली तरी दोन तास पुरे होतात.

आता एक छोटासा बदल करू. समजा ज्यांना मेसेज मिळाला त्यातल्या निम्म्या लोकांनी काहीच केलं नाही. वाद घातला नाही, लेक्चर दिलं नाही, फक्त पुढे पाठवला नाही. मग दहाव्या फेरीत आकडा येतो सुमारे १९ हजार. ९८ लाखांवरून १९ हजार! आणि पाचातल्या चौघांनी थांबवला तर? मग प्रत्येक फेरीत पाचच लोक. साखळी वाढतच नाही. खऱ्या आयुष्यात ओळखी एकमेकांत मिसळलेल्या असतात, त्यामुळे आकडे इतके सुबक येणार नाहीत. पण साथीच्या रोगाला लागू पडतं तेच तत्त्व इथेही आहे. साथ थांबवायला शंभर टक्के लोक शहाणे असावे लागत नाहीत, पुरेसे असले की भागतं.

हे कंपन्यांनाही कळतं. २०१८ च्या जुलैमध्ये धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्याची घटना झाली. आठवडी बाजाराच्या दिवशी नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच भिक्षेकऱ्यांना मुलं पळवणारे समजून जमावाने मारून टाकलं. बहुतेक जण सोलापूर जिल्ह्यातल्या मंगळवेढा तालुक्याचे. गावोगाव भिक्षा मागणं हीच त्यांची पिढ्यान्‌पिढ्यांची रीत. त्याच महिन्यात व्हॉट्सॲपने भारतात एका वेळी पाचच ठिकाणी फॉरवर्ड करता येईल अशी मर्यादा आणली. २०२० च्या एप्रिलमध्ये, खूप वेळा फिरलेला मेसेज एका वेळी एकाच ठिकाणी पाठवता येईल असं केलं. त्यानंतर असे मेसेज ७० टक्क्यांनी कमी झाले असं कंपनीनेच सांगितलं. नुसता एक जास्तीचा टप्पा घातला, तर एवढा फरक!

खोटं जास्त पळतं हेही मोजलेलं आहे. अमेरिकेतल्या एमआयटीच्या संशोधकांनी ट्विटरवरच्या २००६ ते २०१७ मधल्या सुमारे सव्वा लाख बातम्या तपासल्या. २०१८ मध्ये त्यांनी छापलं की खोटी बातमी पुढे पाठवली जाण्याची शक्यता खरीपेक्षा ७० टक्के जास्त असते आणि १५०० लोकांपर्यंत पोचायला खरीला जवळजवळ सहापट वेळ लागतो. दोष यंत्रांचा नव्हता, पाठवणारी माणसंच होती. कारण सरळ आहे. खोट्याला मीठमसाला लावता येतो, खरं बिचारं आळणी असतं.

मग कायदा करा ना!

हॉस्टेलवर ही चर्चा निघाली की कोणीतरी म्हणतंच, "सरळ जेलमध्ये टाकायचं सगळ्यांना." कायदा आहेच. आधी भारतीय दंड संहितेत होता, जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेच्या ३५३ कलमात आहे. लोकांत भीती किंवा वैर पसरवणाऱ्या अफवांना तीन वर्षांपर्यंत शिक्षा होऊ शकते. सुप्रीम कोर्टानेही १७ जुलै २०१८ ला झुंडबळी रोखण्यासाठी सरकारांना सविस्तर सूचना दिल्या.

पण नुसत्या कायद्याच्या भरवशावर राहायचं नाही, हेही आमच्या पालघरनेच देशाला शिकवलं. नोव्हेंबर २०१२ मध्ये बाळासाहेब ठाकरे यांच्या निधनानंतर मुंबई बंद होती. पालघरच्या एका मुलीने फेसबुकवर त्या बंदबद्दल आपलं मत लिहिलं. दुसरीने ते लाईक केलं. दोघींना अटक झाली, एकीच्या नातेवाइकाच्या दवाखान्याची तोडफोड झाली. त्या पोस्टमध्ये अफवा नव्हती, होतं ते फक्त मत. पुढे त्या प्रकरणातूनच सुप्रीम कोर्टात याचिका झाली आणि २४ मार्च २०१५ ला आयटी कायद्याचं ६६ए हे कलम रद्द झालं. सांगायचा मुद्दा हा की, "खोटं काय" हे ठरवायचं काम फक्त पोलिसांच्या हातात दिलं तर उद्या न आवडलेलं मतही खोट्यात जमा होऊ शकतं. त्या वयाच्या मुली आपल्या होस्टेलवर प्रत्येक खोलीत आहेत.

आपण काय करायचं?

राईनपाड्याची घटना झाली त्याच सुमारास मालेगावातही मुलं पळवणारे समजून काही जणांना जमावाने घेरलं होतं. त्यांच्यात एक लहान मूलही होतं. तिथल्या एका कुटुंबाने त्यांना आपल्या घरात घेतलं. पोलीस येईपर्यंत दार लावून धरलं. सगळे वाचले. तीच अफवा, तसाच जमाव, पण मधे एक दार होतं.

आपल्याकडे असं दार रोज येतं, फक्त ते फोनच्या आकाराचं असतं. म्हणून काही साध्या गोष्टी:

मेसेजमध्ये तारीख, गाव आणि सांगणाऱ्याचं नाव आहे का ते बघा. "काल रात्री", "आपल्या भागात", "एका डॉक्टरने सांगितलं" हे काहीच नाही. असा मेसेज दहा वर्षांनीही "काल रात्री"चाच राहतो.

फोटो किंवा व्हिडिओ असेल तर गूगल लेन्सवर टाका. जुना आणि परदेशातला फोटो दोन मिनिटांत सापडतो.

विज्ञानाला न जमणारी गोष्ट मेसेज सांगत असेल तर तिथेच सोडा. आमच्या डहाणू-तलासरी पट्ट्यात नोव्हेंबर २०१८ पासून भूकंपाचे धक्के सुरू झाले, धुंदलवाडी हे नाव तेव्हा सगळ्यांना कळलं. पण भूकंपाचा दिवस आणि वेळ आधी सांगणारं यंत्र जगात कुठेही नाही. त्यामुळे "आज रात्री तीन वाजता" म्हणणारा मेसेज आपोआप खोटा.

खोडून काढायचं असेल तर तो जुना मेसेज परत चिकटवू नका. तेच तेच वाक्य पुन्हा पुन्हा दिसलं की ते खरं वाटायला लागतं, हे मानसशास्त्राने १९७७ पासून दाखवलेलं आहे. आधी खरं काय ते सांगा, आणि तेवढंच सांगा.

घरच्या ग्रुपवर काकांना सगळ्यांसमोर तोंडघशी पाडू नका. फोन करा. "काका, हे मला वेगळंच कळलं" एवढं म्हटलं की माणूस ऐकतो. अपमान केला की तो हट्टाला पेटतो.

आणि खरोखर संशय आला, कोणी अनोळखी माणूस मुलाला नेताना दिसला, तर ११२ ला फोन करा, लहान मुलांसाठी १०९८ आहे. ग्रुपवर टाकून जमाव गोळा करू नका. साप साप म्हणून भुई धोपटायची सवय लागली की एक दिवस भुईच्या जागी माणूस असतो.

शेवटी आपल्यापुरतं एक. आपल्यातले बरेच जण सुट्टीत लहान गावांत, पाड्यांवर परत जातात. तिथे "तू इंजिनिअर होतेस ना, मग सांग हे खरं का?" असं विचारणारी माणसं आहेत. त्यांच्यासाठी कुठल्याही वेबसाईटपेक्षा आपला शब्द मोठा असतो. सूत्रातला तो धूसरपणा कमी करायचं काम सरकारचं आहेच, पण ते आपल्याही हातात आहे. माहीत असेल ते सांगा, माहीत नसेल तर "माहीत नाही, विचारून सांगते" म्हणा. हेही उत्तरच आहे.

गडचिंचल्याच्या त्या रात्री "ओये, बस" म्हणणारा कोण होता, कोणाला माहीत! त्याचं कोणी ऐकलं नाही. पुढच्या वेळी रात्री अकरा वाजता तुमच्या ग्रुपवर लाल अक्षरांतला, दहा उद्गारचिन्हांचा मेसेज येऊन पडेल आणि अंगठा बाणाकडे जाईल, तेव्हा तेच दोन शब्द स्वतःच्या अंगठ्याला सांगा. पाचातल्या चौघांनी सांगितलं तरी पुरे आहे. गणित वर दिलेलं आहे.